वाकडी पटाशी

बस्टलटन ॲव्हेन्यूवर, फार्मसी आणि रशियन बेकरीच्या मधोमध
माझा दवाखाना.
फिलाडेल्फियाच्या या टोकाला
बहुतेक म्हाताऱ्यांच्या तोंडात थोडं सोनं सापडतं.
रिम्मा नाउमोव्नाच्या तोंडात काहीच नव्हतं.
नुसतं बोळकं,
आणि पर्समध्ये एक फोटो, दुधाच्या पिशवीत गुंडाळलेला.

"ही पटाशी," तिने नखाने दाखवलं,
"ही अशीच हवी. वाकडी."

सव्वीस वर्षं मी कवळ्या बसवतेय.
लोक मोत्यासारखे दात मागतात,
नातीच्या लग्नापुरते पांढरे मागतात,
गेलेल्या नवऱ्याला आवडायचे तसे मागतात.
वाकडा कुणी मागितला नव्हता.

साच्याचा गुलाबी लगदा तोंडात घट्ट होईपर्यंत
तेवढी ती गप्प बसली.
मग सुरू झाली.

ओडेसाच्या स्टुडिओत सत्तेचाळीस चित्रपट.
ट्रामची कंडक्टर. नाट्यगृहात कोट सांभाळणारी.
सामायिक स्वयंपाकघरात
कुणाची किटली कुणाच्या शेगडीवर, यावरून भांडणारी शेजारीण.
मासळीच्या रांगेतली तिसरी;
पहिल्या दोघींना संवाद नव्हते.
गेली होती नायिका व्हायला, एकोणिसाव्या वर्षी.
दिग्दर्शक म्हणाला, तोंड मिट. मिटलं.
म्हणाला, उघड. उघडलं.
तो असा काही हसला
की त्या हसण्यावर पुढची पंचवीस वर्षं घरभाडं निघालं.

"रडायला देखण्या बायका होत्या," ती म्हणाली.
"पण रडून झाल्यावर लोकांना घरीही जायचं असतं ना?
तिथे मला बोलवायचे.
आणि खरं सांगू, थिएटरात तुमचेच सिनेमे जास्त चालायचे.
मीही पाहिले, रांगेत उभी राहून.
रांगेचा सराव होताच."

एकोणऐंशीत तिने देश सोडायचा अर्ज केला.
नामावल्यांतून नाव गेलं.
एका चित्रपटातून तर ती आख्खीच गेली.
पण तिच्या आरोळीवर नायक मान वळवून बघतो
ते कापता येईना,
मागून खरी आगबोट जात होती, शॉट महागाचा.
अजूनही तो वळतो म्हणे,
रिकाम्या जिन्याकडे बघून
पोट धरधरून हसतो.

लॅबने कवळी पाठवली. सरळ.
मी चिठ्ठीत स्पष्ट लिहिलं होतं:
डावी पटाशी, तीन मिलिमीटर पुढे, किंचित आत वळलेली.
ट्रेंटनचा तंत्रज्ञ फोनवर म्हणाला,
डॉक्टर, तुमची चूक मी सुधारलीय.
दुसऱ्यांदाही सुधारली.
तिसऱ्यांदा मीच बसले मेण घेऊन,
रात्री, फोटो दिव्याला टेकवून,
एका दाताला ओळीबाहेर काढत.
हात वळेना.
जन्मभर उलटंच केलेलं.

गुरुवारी बसवली. तिने आरसा मागितला नाही.
जीभ फिरवली फक्त,
अंधारात किल्ली चाचपावी तशी.
मग उठली, बाहेरच्या खोलीचं दार ढकललं,
कमरेवर नसलेली बॅग मागे सारली
आणि ओरडली.
रशियन मला फारसं येत नाही,
पण कंडक्टर कुठल्याही भाषेत कळतो.

सहा म्हातारे ताटकळत होते.
चौघांचे हात सरळ खिशात गेले.
पाचवा एकदम खिडकीबाहेर पाहू लागला,
बिनतिकीट माणूस पाहतो तसा.
सहावा, गाल सुजलेला,
त्याला बोलता येत नव्हतं.
तो तिच्या दाताकडे बोट दाखवत राहिला,
बोट दाखवत राहिला.

विम्याच्या यादीत वाकडेपणाला कोड नाही.
मी लिहिलं: वरची कवळी, एक.
काचेतून दिसत होती ती,
रस्त्यावरचा बर्फ चुकवत बेकरीपर्यंत गेलेली,
दारातच पावाच्या भावावरून
कुणाशी तरी भांडत,
तोंड भरून.